मॉरिशसला आई-बाबांसोबत एकच दिवस साउथसाठी आहे, गाइडेड टूर घ्यावी की गाडी भाड्याने घेऊन फिरावं?

गाइडेडच घ्या, पण तुमच्यापुरती वेगळी गाडी सांगा, मोठ्या बसची नको. आम्ही घरच्यांना घेऊन तसंच केलेलं. ड्रायव्हिंग तिकडे आपल्यासारखंच डावीकडून आहे म्हणून वाटतं जमेल, पण शामारेल गावाकडचा घाट वळणावळणाचा आहे आणि चालवणारा बिचारा काही बघतच नाही. शिवाय नुसती टॅक्सी केली की क्यूरपिप शहरातलं ज्वालामुखीचं विवर म्हणजे झाडं उगवलेला एक खड्डा वाटतो, गाइड सांगतो तेव्हा कळतं की बेट त्याच हॉटस्पॉटमधून (पृथ्वीच्या पोटातून लाव्हा वर येण्याची जागा) आलंय ज्याने आपल्या सह्याद्रीचा काळा दगड ओतला. शामारेलची रंगीत मातीही बेसॉल्टच, म्हणजे तोच काळा दगड, झिजून झालेली, रंग लोह आणि ॲल्युमिनियमच्या ऑक्साइडचे. गंगा तलावही विवरातलाच, तिथला 108 फुटी शंकर बघून आई-बाबा खूश होणार. जेवण शामारेल गावातच करा, क्रिओल थाळी. फक्त बुक करताना दोन गोष्टी विचारा:
- शोरूमचे थांबे काढता येतील का (जहाजांच्या मॉडेलवाल्याकडे तास जातो)
- एन्ट्री फी धरलीये का

आणि हो, क्यूरपिप उंचावर आहे, बीचवर ऊन असलं तरी तिथे ढग-पाऊस असतो, तसा दिवस निघाला तर विवर सोडून सरळ शामारेल गाठा.