प्रजाती वाढल्या की स्थैर्य वाढते का?

प्रश्न : जैवविविधता जितकी अधिक तितकी परिसंस्था स्थिर, असे नेहमी वाचायला मिळते. गणिताने हे सिद्ध होते का?

उत्तर : सरसकट होत नाही. प्रजातींमधील संबंध यादृच्छिक, म्हणजे कोणत्याही ठराविक रचनेविना जुळलेले, मानून परिसंस्थांचा गणिती अभ्यास करणाऱ्या रॉबर्ट मे यांनी १९७२ मध्ये दाखवले की, प्रजातींची संख्या, त्यांच्यातील जोडण्यांचे प्रमाण किंवा संबंधांची तीव्रता एका मर्यादेपलीकडे गेल्यास मोठी व्यवस्था जवळजवळ निश्चितपणे अस्थिर होते. अर्थात, खरी अन्नजाळी (कोण कोणाला खातो यांची जाळी) यादृच्छिक नसतात, आणि माझ्या मते या निष्कर्षाचे मोल त्यातच आहे, कारण त्यामुळे शोध खऱ्या जाळ्यांच्या रचनेकडे वळला. उदाहरणार्थ, भक्ष्य-भक्षक संबंधांत एकाचा लाभ ही दुसऱ्याची हानी असल्याने स्थैर्याला मदत होते. शिवाय येथे स्थैर्य म्हणजे लहान धक्क्यानंतर समतोलाकडे परतणे. एकूण जैवभाराचे (सर्व सजीवांच्या मिळून वस्तुमानाचे) सातत्य हा निराळा प्रश्न असून, ते प्रजाती वाढल्यावर बहुधा वाढते.