‘नग’ लिहिताना हात अडखळू देऊ नकोस

प्रिय मित्रा,

आऊशवित्झ या नाझी मृत्युछावणीतून वाचलेले इटालियन ज्यू लेखक प्रिमो लेवी, त्यांच्या साक्षीची तू मराठीत आणलेली पानं काल रात्री वाचली. मेहनत दिसते. पण एका शब्दाशी मी थांबलो आणि झोप लागेना, म्हणून लिहायला बसलो.

फेब्रुवारी १९४४. इटलीतल्या फोस्सोलीच्या छावणीतून ज्यूंची गाडी आऊशवित्झला निघायची आहे. हजेरी संपते. जर्मन अधिकारी विचारतो, किती नग? शिपाईगडी सॅल्यूट ठोकून सांगतो, ६५० नग, सगळं ठीक. तू तिथं ‘कैदी’ लिहिलंस. का रे? जिवंत माणसाला नग म्हणवलं नसेल तुला, कळतं मला. पण मूळ जर्मन शब्दाचा अर्थ नगच आहे. गोदामात खोकी मोजतात तसा. तो तू मऊ केलास तर गुन्हाच झाकला जातो.

आणि जिथं लेवी हळू बोलतात, तिथं तू आवाज चढवलास. आदल्या रात्री आयांनी वाटेसाठी खाणं केलं, मुलांना आंघोळी घातल्या, सामान बांधलं. उजाडलं तेव्हा काटेरी तारांवर मुलांचे कपडे वाळत होते. एवढंच. तुझं ‘हृदयद्रावक’ काढून टाक. त्या गाडीतले ९६ पुरुष आणि २९ बायका छावणीत घेतल्या; उरलेल्या पाचशेहून जास्त जणांपैकी दोन दिवसांनी कुणीही जिवंत नव्हतं. ती मुलं त्यांच्यातच. कुठलं विशेषण पुरणार आहे इथं?

भुकेचंही तेच. एक वेळचं जेवण चुकल्यावर लागते ती ही भूक नव्हे, असं लेवी स्वतःच सांगतात. मग ‘भयंकर भूक’ म्हणून काय साधणार? सुपाची रांग नीट उतरव. वर नुसतं पाणी, घट्ट ते तळाला. म्हणून आपली पाळी पिंप तळाला गेल्यावर यावी यासाठी माणसं धडपडतात. त्यात चमचा छावणी देत नसे, तो पाव देऊन मिळवायचा. सुटकेनंतर तिथल्याच कोठारात हजारो चमचे सापडले.

हो, ‘भाकरी’ सगळीकडे बदलून ‘पाव’ कर. भाकरी म्हटलं की आपल्याला चूल दिसते, वाढणारा हात दिसतो. तिथं तसं कुणी नव्हतं.

पुढच्या पानांत लेवींच्या हातावर १७४५१७ गोंदलं जाईल. आकडा आकड्यातच ठेव. तो दाखवल्याशिवाय पाव आणि सूप मिळत नसे.