फिनलंड स्कँडिनेव्हियात येतो का? मग नॉर्डिक म्हणजे काय?

काटेकोर बोलायचं तर येत नाही. स्कँडिनेव्हिया म्हणजे डेन्मार्क, नॉर्वे, स्वीडन. त्यात फिनलंड आणि आइसलँड धरले की झाले नॉर्डिक देश. ग्रीनलँड, फेरो आणि ओलांड ही स्वायत्त बेटंही त्यातच.

खरी गंमत फिनलंडचीच. फिनिश भाषा स्वीडिशच्या कुळातली नाहीच, ती एस्टोनियनची बहीण. पण 1809 पर्यंत हा मुलूख स्वीडनकडे होता, त्यामुळे कायदा, चर्च, कारभाराची घडी तिकडचीच. आजही हेलसिंकीत रस्त्याच्या पाटीवर वर 'मानरहाइमिन्तिए' आणि खाली स्वीडिशमध्ये 'मानरहाइमव्हेगेन' असतं. स्वीडिश मातृभाषा असलेले जेमतेम पाच टक्के, तरी ती शाळेत सगळ्यांना सक्तीची. पोरं वैतागून तिला 'पाक्कोरुओत्सी' म्हणतात, म्हणजे सक्तीची स्वीडिश!

राजकारणात मात्र ही मंडळी एका सुरात कधीच नव्हती. नॉर्डिक परिषद, म्हणजे या देशांच्या खासदारांचं सामाईक व्यासपीठ, 1952 ची, फिनलंड सोव्हिएत शेजाऱ्याची मर्जी सांभाळत 1955 मध्ये आला. नॉर्वेने युरोपीय संघाला 1972 आणि 1994 अशा दोन्ही सार्वमतांत नकार दिला. युरो फक्त फिनलंडकडे. नाटोत पाचही जण एकत्र आले ते थेट 2024 मध्ये, स्वीडन शिरल्यावर.

झेंड्यांवरचा आडवा क्रॉस पाचही देशांचा सारखा. ग्रीनलँडने 1985 मध्ये स्वतःचा झेंडा निवडला तेव्हा तो क्रॉस घेतला नाही, लाल-पांढरं वर्तुळ घेतलं. सामी, म्हणजे या देशांच्या उत्तर टोकाकडचे मूळ रहिवासी, त्यांच्या झेंड्यावरही क्रॉस नाही. माझ्या मते 'नॉर्डिक' कोण, हा प्रश्न त्यांना विचारावा.