कुंचला की कॅमेरा?

प्रश्न : नलिनी मलानी यांना चित्रकार म्हणावे की चित्रपटकार? त्यांची ‘छायानाट्ये’ कशी घडतात? (एक वाचक, सांगली)

उत्तर : दोन्ही म्हणावे, कारण त्यांच्या कामात ही माध्यमे आरंभापासूनच एकमेकांत मिसळलेली आहेत. चित्रकार अकबर पदमसी यांनी १९६९ मध्ये नेहरू पाठ्यवृत्तीच्या रकमेतून मुंबईत ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ हे कलावंतांचे प्रयोगकेंद्र उभारले, आणि तेथेच तरुण मलानींनी चित्रफितींचे प्रयोग केले. त्यांच्या ‘युटोपिया’ या जोडचित्रफितीमध्ये (१९६९–७६) आधुनिक नगररचनेचे रंगीत स्वप्न आणि खिडकीतून मुंबई पाहणारी तरुणी शेजारी शेजारी दिसतात, स्वातंत्र्योत्तर आशा आणि तिचा भंग इतक्या मोजक्या साधनांनी मांडणारी दुसरी कलाकृती चटकन आठवत नाही.

छायानाट्यासाठी त्या मायलर या पारदर्शक प्लॅस्टिकच्या नळकांड्यांवर मागल्या बाजूने चित्रे रंगवतात. ही नळकांडी छताला टांगून संथ गतीने फिरवली जातात आणि प्रक्षेपकाचा प्रकाश त्यांतून आरपार गेला की रंगवलेल्या आकृतींच्या सावल्या भिंतीवरील व्हिडिओप्रतिमांवर सरकू लागतात. जर्मनीतील कासेल येथील ‘डॉक्युमेंटा १३’ या समकालीन कलेच्या महाप्रदर्शनामध्ये (२०१२) सादर झालेली ‘इन सर्च ऑफ व्हॅनिश्ड ब्लड’ ही मांडणी याच पद्धतीची होती. अशा मांडणीला चित्रपटासारखा ठरलेला आरंभ किंवा शेवट नसतो, त्यामुळे कोठे उभे राहायचे आणि किती वेळ थांबायचे, हे प्रेक्षकालाच ठरवावे लागते. छापील छायाचित्रांवरून मात्र या कामाची कल्पना फारशी येत नाही.