कोर्ट कमिशनरने मला न कळवता मोजणी केली आणि अहवाल माझ्याविरुद्ध दिला. आता दावा गेलाच का?

नाही, गेला नाही. कमिशनर म्हणजे जागेची पाहणी-मोजणी करून अहवाल द्यायला कोर्टाने नेमलेला माणूस, त्याचा अहवाल म्हणजे निकाल नव्हे. दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 च्या आदेश 26, नियम 10 प्रमाणे तो दाव्यात पुरावा म्हणून वाचला जातो. पण त्याच नियमात कोर्टाच्या परवानगीने कमिशनरला साक्षीला बोलावून प्रश्न विचारण्याची सोय आहे. बहुतेक पक्षकार ती वापरतच नाहीत, आणि मला याचंच वाईट वाटतं.

आमच्या बांधाच्या दाव्यात अहवाल आला तेव्हा वडील आठवडाभर जेवले नव्हते. आमची विहीर चक्क शेजाऱ्याच्या गटात दाखवली होती. माझी पहिली प्रतिक्रिया होती, ‘माणूस फितवलाय, तसाच अर्ज टाका.’ वकिलांनी अडवलं. पैसे खाल्ल्याचा आरोप सिद्ध करता आला नाही तर आपलंच म्हणणं हलकं होतं. ‘माणूस सोडा, मोजणी धरा,’ म्हणाले.

मग आम्ही मूळ टिपण (जुन्या मोजणीची मापं असलेली नोंद) आणि गटाचा नकाशा काढला आणि अहवालाची एकेक ओळ त्यांच्याशी ताडून पाहिली. मोजणी कुठल्या खुणेपासून सुरू केली, याचा अहवालात उल्लेखच नव्हता. उलटतपासात कमिशनर म्हणून आलेल्या भूकरमापकाने (सरकारी मोजणीदाराने) मान्य केलं की शेजाऱ्याने दाखवलेला दगडच त्याने धरला होता आणि जुन्या पक्क्या खुणांशी तो पडताळला नव्हता. कोर्टाने फेरमोजणीचा आदेश दिला. अहवालाने समाधान होत नसेल तर पुढील चौकशीचा आदेश देण्याचा अधिकार कोर्टाला नियम 10 मध्येच आहे.

तुमच्या बाबतीत नोटीस न मिळणं हा मोठा मुद्दा आहे, पण तो कागदाने दाखवा. कोर्टाच्या फाइलमध्ये पोच आहे का, सही कोणाची आहे, तारीख कोणती, हे बघा. नोटीस मिळूनही तुम्ही गेला नसाल तर मात्र हा मुद्दा टिकणार नाही. तशा वेळी तुमच्या गैरहजेरीतही काम पुरं करता येतं, त्याच आदेश 26 चा नियम 18 तसंच सांगतो.

अजून एक गोष्ट तपासा. जागेवर काय दिसतं ते लिहिणं कमिशनरचं काम आहे. ‘ताबा वादीचाच आहे’ असा निष्कर्ष काढणं किंवा गावकऱ्यांना विचारून मालकी ठरवणं हे त्याचं काम नाही. अहवालात असं काही असेल तर ते वाक्य जसंच्या तसं हरकतीत उतरवा.

हरकत लेखी द्या, पुढच्या तारखेची वाट बघत बसू नका, आणि त्याच वेळी कमिशनरला साक्षीला बोलावण्याचा अर्जही द्या. नुसतं ‘अहवाल अमान्य’ असं मोघम लिहिलेलं कोणी मनावर घेत नाही. सरळ दुसरा कमिशनर मागू नका, आधी पहिल्याचा अहवाल का चालणार नाही ते दाखवावं लागतं.

कमिशनरच्या नेमणुकीच्या आदेशावर अपील करायचं कोणी सुचवत असेल तर ते चालत नाही. संविधानाच्या अनुच्छेद 227 खाली उच्च न्यायालयात जाता येतं, पण मोजणी होऊन अहवाल आलेला असताना मी तरी तिकडे पैसा आणि वेळ घालवणार नाही. वाटपाचा दावा असेल तर नियम वेगळा, नियम 14. तिथे हरकती ऐकूनच कोर्ट अहवाल कायम करतं, बदलतं किंवा रद्द करतं.

उद्याच अहवाल, नकाशा आणि जबाब यांच्या नकलांसाठी अर्ज करा.