वाचकांचे प्रश्न : कमाई, कर्ज आणि धम्म

दुकान, शेती, मजुरी, हप्ते यांबद्दल धम्माचे म्हणणे काय, असे विचारणारी पत्रे साठली होती. बहुतेक जळगाव-धुळ्याकडची आहेत. लांब पत्रे छाटली आहेत, मुद्दा तोच ठेवला आहे.

प्रश्न : जय भीम सर. भुसावळला माझे मोबाइल दुरुस्तीचे दुकान आहे. दुसरे टाकायचा विचार आहे. पण वस्तीतले ज्येष्ठ टोमणे मारतात, "तथागतांनी राज्य सोडलं अन् तू पैशामागे पळतोस." पैसा कमावणे धम्मात बसत नाही का?

बसते. खुशाल टाका दुसरे दुकान.

टोमणा मारणाऱ्यांची गल्लत अशी, की ते भिक्खूचा नियम गृहस्थाला लावतात. भिक्खूजवळ तीन चीवरे, भिक्षापात्र, कंबरपट्टा, वस्तरा, सुई आणि पाणी गाळायचे वस्त्र एवढ्याच आठ वस्तू असाव्यात, असा दंडक होता. गृहस्थाला तो कधीच नव्हता. अंगुत्तरनिकाय या बुद्धवचनांच्या पाली संग्रहात दीघजाणू नावाचा कोलिय कुळातला गृहस्थ बुद्धांना सरळच सांगतो : आम्ही बायकापोरांत राहतो, चंदन लावतो, सोनेनाणे बाळगतो; आम्हाला झेपेल असे सांगा. बुद्ध त्याला सोने टाकून द्यायला सांगत नाहीत. चार गोष्टी सांगतात : कामात कसब आणि मेहनत, मिळवलेल्याची राखण, चांगली संगत आणि मिळकत-खर्चाचा तोल. उधळ्या जसा नावाजला नाही, तसा अंथरुणाखाली पैसे दाबून उपाशी मरणाराही नाही.

राखण कोणापासून करायची, याची यादी त्या सुत्तात, म्हणजे उपदेशात, आहे : राजा, चोर, आग, पूर आणि नावडते वारसदार. राजा आणि चोर एकाच ओळीत बसवले आहेत, ते वाचून मला दर वेळी हसू येते. तुम्ही जीएसटीचे रिटर्न वेळेवर भरा, म्हणजे निदान राजाची भीती राहणार नाही.

आणि त्या ज्येष्ठांना सांगा, की धर्माने गरिबीला पवित्र ठरवू नये, असे बाबासाहेबांनी १९५० मध्ये महाबोधी सोसायटीच्या मासिकात स्पष्ट लिहिले आहे.

प्रश्न : चोपडा तालुक्यात माझे कृषी सेवा केंद्र आहे. विहारात भन्तेजींनी शस्त्र, प्राणी, मांस, मद्य आणि विष हे पाच निषिद्ध व्यापार सांगितले. माझ्या दुकानात निम्मा माल कापसावरच्या फवारणीचा. मी विष विकणारा ठरतो का?

तुम्हाला हा प्रश्न पडला, याचे मला बरे वाटले. पण गुळगुळीत उत्तर देणार नाही. कीटकनाशकाने जीव मरतात. 'ते औषध आहे' म्हटल्याने बाटलीतला पदार्थ बदलत नाही.

दुसरी बाजूही आहे. जमिनीत जीव असतो असे लोक मानत, म्हणून भिक्खूला जमीन खणायची मनाई होती. शेतकऱ्याला मात्र नांगर सोड, असे बुद्धांनी कुठे सांगितलेले नाही. पाच व्यापारांचे सुत्त चार ओळींचे आहे आणि त्यात फोड केलेली नाही. म्हणून पुढचे माझे मत समजा : दुकान ठेवायचे की नाही, यापेक्षा त्या काउंटरवर काय चालते, ते आधी तपासावे.

शेतकरी पान घेऊन येतो, तेव्हा कीड कोणती हे तुम्ही पाहता, की कंपनीचे टार्गेट पाहता? कंपनीकडून मिळणाऱ्या गोव्याच्या सहलीला चार पेट्या कमी पडताहेत म्हणून गरज नसलेली बाटली गळ्यात मारली, तर तो विषाचाच व्यापार झाला, तिथे मला शंका नाही. दोन-तीन औषधे एकत्र करून मारायचा सल्ला दुकानातूनच दिला जातो, हे आपण दोघेही जाणतो. २०१७ मध्ये यवतमाळ जिल्ह्यात फवारणी करताना विषबाधा होऊन वीसच्या वर शेतकरी-मजूर गेले. डोक्याएवढा वाढलेला कापूस, दमट ऊन आणि तोंडाला नुसता रुमाल. मजुराला कोणी सांगितलेच नव्हते, की लेबलवरच्या लाल त्रिकोणाचा अर्थ अतिविषारी. त्याखालोखाल पिवळा, मग निळा, मग हिरवा.

तेव्हा लाल-पिवळा माल कमीत कमी ठेवा. हातमोजे आणि मास्क नफा न घेता विका. गुलाबी बोंडअळीसाठी कामगंध सापळे आणि निंबोळी अर्क पुढच्या फळीवर मांडा. आणि संध्याकाळी, घरात भांडून आलेला, नजर चुकवणारा माणूस उधारीवर एकच बाटली मागत असेल, तर देऊ नका. त्याला बसवा, चहा पाजा, घरी फोन लावा. आपल्या भागात हे वेगळे समजावून सांगायला नको.

प्रश्न : माझी रावेर तालुक्यात केळी आहे. आखाजीला (अक्षय तृतीयेला) सालदार, म्हणजे वर्षाच्या बोलीवरचा गडी ठेवला, सातपुड्यातला पावरा आदिवासी पोरगा. ठरल्याप्रमाणे साल (वर्षाची मजुरी) देतो, उचल म्हणून आगाऊ पैसेही दिले. आता भाव वाढवून मागतो, नाहीतर मधेच जाईन म्हणतो. 'संतोष हेच परमधन' हे धम्मपदातले वचन मी त्याला ऐकवले, तर माझी मुलगीच माझ्यावर हसली. माझे काय चुकले?

मुलगी योग्य वेळी हसली. तिला माझा जय भीम सांगा.

संतोष माणसाने स्वतःला शिकवायचा असतो. ज्याला आपण मजुरी देतो, त्याला तो शिकवायला लागलो की तो धम्म राहत नाही, मजुरी वाचवायची युक्ती होते. तुम्ही सांगितलेली गाथा २०४ वी. तिच्या लगतची आधीची गाथा ऐकवली असती, तर पोरगा खूश झाला असता. 'भूक हा सर्वांत मोठा रोग' असे त्या २०३ व्या गाथेत आहे. तिची कथा अट्ठकथेत, म्हणजे जुन्या पाली टीकाग्रंथात येते. आळवी गावच्या एका गरीब शेतकऱ्याला बुद्धांचे प्रवचन ऐकायचे होते, पण त्याच दिवशी त्याचा बैल हरवला. बैल शोधून उपाशीच तो धापा टाकत आला. सगळी सभा ताटकळली होती. बुद्धांनी आधी त्याला जेवू घालायला सांगितले आणि त्याचे पोट भरल्यावरच बोलायला सुरुवात केली. भिक्खू कुजबुजले, तेव्हा उपाशी माणसाला धम्म कळत नाही, असा त्यांना खुलासा केला.

आता तुमचा व्यवहार पाहू. दीघनिकायात सिगाल नावाच्या तरुणाला केलेला उपदेश आहे. त्यात मालकाने कामकऱ्यासाठी करायच्या पाच गोष्टी आहेत : ताकद पाहून काम द्यावे, जेवण आणि वेतन द्यावे, आजारपणात सांभाळावे, घरात काही चांगलेचुंगले झाले तर त्यातले द्यावे आणि वेळेवर सुटी द्यावी. कामकऱ्याकडूनही अपेक्षा आहेत : मालकाच्या आधी उठावे, दिलेलेच घ्यावे, काम नीट करावे, मालकाबद्दल चांगले बोलावे. पण मालकाची यादी आधी येते.

या पाचांवर तुमचे साल घासून बघा. केळीला पाणी द्यायचे तर वीज अनेकदा रात्री येते. मग तो दिवसभर घड वाहतो आणि रात्री पंप धरतो. ताकद पाहून काम दिले, असे याला म्हणता येईल का? साल ठरले तेव्हा या रात्री मोजल्या होत्या का? तो तापाने पडला तर खाडे कापता का? पोळ्याला नवे कपडे देत असालच, खान्देशात ती रीत आहे. पण बायकोच्या बाळंतपणाला घरी जाऊ देता का?

उचलीबद्दल जरा खरमरीत लिहितो. कूटदन्तसुत्तात महाविजित राजाच्या यज्ञाची गोष्ट आहे. त्या यज्ञात एकही जनावर मारले नाही, झाडे तोडली नाहीत आणि दंडाच्या भीतीने रडत काम करणारा एकही नोकर नव्हता, असे वर्णन आहे. ज्यांना करायचे त्यांनी केले, ज्यांना नको त्यांनी केले नाही. उचल देऊन माणूस वर्षभर बांधून ठेवला आणि 'पैसे फेड, मग जा' म्हटले, की आपण नेमके त्याच्या उलट टोकाला जातो. साल ठरल्यावर तो मधेच सोडतो म्हणून तुमचे नुकसान होते, हे खरे आहे, नाकारत नाही. पण तोडगा बोलून निघतो. रात्रीच्या पाण्याचा वेगळा दर ठरवा आणि दोघांच्या वहीत लिहा. उचल महिन्यागणिक वळती करा, म्हणजे त्याला कधीही हिशेब करून निघता येईल. जाता येते हे कळल्यावर बरेच सालदार राहतात, असा माझ्या ओळखीच्या दोन-तीन बागायतदारांचा अनुभव आहे.

त्याच सुत्तात पुरोहित राजाला सांगतो, की चोरांना फाशी देऊन चोऱ्या थांबत नाहीत; शेतकऱ्याला बी-चारा दे, व्यापाऱ्याला भांडवल दे, नोकराला वेतन दे. पीककर्ज मागताना हा भाग आपल्याला फार आवडतो. शेवटचा शब्द सालदारालाही लागू आहे.

प्रश्न : आखाजीला पत्ते खेळणे ही आपली परंपरा आहे. सणापुरता जुगार चालतो ना?

नाही. सिगालाच्या उपदेशात संपत्ती बुडायच्या सहा वाटांमध्ये जुगार आहे, आणि सणाची सूट दिलेली नाही. आखाजीला झोका आहे, गौराईची गाणी आहेत, पुरणपोळी आणि आमरस आहे. तेवढ्यावर सण भागतो. सणाचा पत्ता मोबाइलवर वर्षभर चालू राहतो, हे घराघरांत पाहिले आहे. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर केंद्राने ऑगस्ट २०२५ मध्ये बंदीचा कायदा केला, तो उगाच नाही.

प्रश्न : मी अमळनेरची. तीन फायनान्स कंपन्यांचे गटकर्ज आहे, एकाचा हप्ता भरायला दुसरे घेतले. वसुलीवाले रात्री दारात बसतात. सासूबाई म्हणतात, मागच्या जन्माचे भोग. खरे आहे का?

ताई, खरे नाही. जे जे भोगावे लागते ते सगळे पूर्वजन्मीच्या कर्मानेच, हे मत बुद्धांनी स्वतः खोडून काढले आहे. कर्जावर त्यांचे वेगळे सुत्तच आहे : दारिद्र्य, त्यातून कर्ज, कर्जावर व्याज, मग तगादा, मग पाठलाग, मग बंधन. प्रत्येक पायरीला त्यांनी दुःख म्हटले आहे. त्यात मागच्या जन्माचा हवाला नाही. ऋण नसणे हे गृहस्थाच्या चार सुखांतले एक, असे अनाथपिंडिकाला सांगितले आहे, आणि तो तर सावत्थीचा बडा सावकार-व्यापारी.

आता कामाचे. रिझर्व्ह बँकेच्या २०२२ च्या नियमांनुसार अशा घराचे सगळे हप्ते मिळून महिन्याच्या उत्पन्नाच्या निम्म्याच्या वर जाता कामा नयेत. सकाळी ९ च्या आधी आणि संध्याकाळी ६ नंतर वसुलीसाठी फोन करून छळणे, धमकी, शिवीगाळ यांना मनाई आहे. मुदतीआधी फेडले तर दंड लावता येत नाही. कंपनीकडे लेखी तक्रार द्या, पोच घ्या. महिन्याभरात दाद लागली नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जा. चौथे कर्ज मात्र काहीही झाले तरी घेऊ नका. तिन्ही पासबुके घेऊन बचत गटाच्या बैठकीत बसा, सर्वांत महाग कर्ज आधी गटाच्या पैशातून मिटवा. लाज वाटेल, पण गटातल्या आणखी दोघी-तिघी त्याच चक्रात असतील.

प्रश्न : धुळ्यात आमच्या कॉलनीत विहार बांधतोय. समितीने घरटी ११ हजार रुपये ठरवले. न देणाऱ्यांची नावे फळ्यावर लागतात. याला दान म्हणावे का?

नाही, ही पट्टी झाली.

सिगालाला बुद्धांनी कमाईचे चार भाग सांगितले : एक उपभोगाला, दोन धंद्यात, चौथा अडीअडचणीला. दानाचा वेगळा भाग तिथे नाही. अट्ठकथा तो उपभोगाच्या भागातच धरते. म्हणजे घर चालवून जे निघेल ते. मोलकरणीला आणि प्राध्यापकाला एकच आकडा लावायला आधार कुठून आणला?

समितीला एकदा चाळीसगावमार्गे पितळखोऱ्याच्या बौद्ध लेण्यांना घेऊन जा. तिथे पैठणच्या गंधिक (सुगंधी द्रव्ये विकणाऱ्या) कुळातल्या मितदेवाने एक खांब दिल्याचा लेख आहे. अजिंठ्याच्या दहाव्या लेण्याचा दर्शनी भाग वासिठीपुत कटहादीने दिला, बाराव्यात घनामदड नावाच्या व्यापाऱ्याचे दान कोरले आहे. कोणी खांब दिला, कोणी खोल्या दिल्या. देणाऱ्यांची नावे दगडावर दोन हजार वर्षे टिकली आहेत. न देणाऱ्यांची यादी मला अजून कुठल्या भिंतीवर दिसलेली नाही.

फळा काढायला लावा. त्या जागी जमाखर्च लावा, सिमेंटच्या गोणीपर्यंत. आणि आराखड्यात पोरांसाठी अभ्यासिका आहे का, ते पैसे देण्याआधी विचारा.