नारळ 'वाढवणं', 'तात्पर्य' आणि एक चुकीचा कागद

मुलुंडच्या एका आईने विचारलं आहे: मुलगा दहा वर्षांचा, त्याला ऑटिझम आहे. स्पीच थेरपिस्टच्या इंग्रजी रिपोर्टमध्ये 'प्रॅग्मॅटिक लँग्वेज'मध्ये अडचण असल्याचं लिहिलं होतं. शाळेने त्याचं मराठी करून 'व्यावहारिक भाषेत कमतरता' असा कागद हातात दिला. तो वाचून घरातले ज्येष्ठ म्हणाले, "म्हणजे याला व्यवहार कळणार नाही, दुकानात कोणीही फसवेल." याला बरा मराठी शब्द आहे का? जाता जाता त्यांनी हेही कळवलंय की नव्या गाडीच्या पूजेला आजोबांनी "आता नारळ वाढव" म्हटलं, तर हा वर घरात जाऊन दुसरा नारळ घेऊन आला आणि पहिल्याशेजारी ठेवला. सगळे हसले. मुलगा मात्र गोंधळून विचारत राहिला, "वाढवला ना? एकाचे दोन झाले."

प्रश्न 'व्यावहारिक'चा आहे, तेव्हा तो आधी उरकतो. नारळाकडे यायची मला घाई आहे.

'व्यवहारशून्य', 'व्यवहारी', 'व्यवहार चोख पाहिजे' या सगळ्यांत आपण व्यवहार म्हणजे पैसा आणि चतुराई इतकंच धरून बसलोय. तो अर्थ या कागदावर लादणं ही शुद्ध आळशी वाचनाची करामत. अमेरिकन तत्त्वज्ञ चार्ल्स मॉरिसने १९३८ मध्ये चिन्हांच्या अभ्यासाचे तीन भाग पाडले: चिन्हांचं आपापसातलं नातं, चिन्हांचं अर्थाशी नातं, आणि चिन्हांचं ती वापरणाऱ्या माणसांशी नातं. या तिसऱ्याला त्याने 'प्रॅग्मॅटिक्स' म्हटलं. म्हणजे मुलाचं व्याकरण ठीक असेल, शब्दसंपदा वर्गात सगळ्यांत मोठी असेल, रेल्वेची सगळी स्टेशनं क्रमाने म्हणून दाखवत असेल. पण समोरच्याने हे वाक्य आत्ता, मला, या सुरात का म्हटलं, हे हाती लागत नाही. शिवाय कधी थांबायचं, समोरच्याला ठाऊक असलेलं किती गाळायचं, विषय कधी बदलायचा, हेही त्यातच येतं. दुकानातली मोड मोजण्याशी त्याचा काही संबंध नाही. अशी कितीतरी मुलं मोड तुमच्याआमच्यापेक्षा चोख मोजतात.

हाताशी आलंच आहे तर 'ऑटिस्टिक'साठी रुळलेल्या 'स्वमग्न'बद्दलही सांगतो. हल्ली अग्रलेखात कोणी पुढारी लोकांचं ऐकत नसला की तो 'स्वमग्न'. ऑफिसात कोणी डबा एकटा खाल्ला की तो 'जरा ऑटिस्टिकच'. 'ऑटिझम' हा शब्द स्विस मनोविकारतज्ज्ञ ब्लॉयलरने विसाव्या शतकाच्या सुरुवातीला स्किझोफ्रेनियाच्या रुग्णांबद्दल घडवला, ग्रीक 'ऑटोस' म्हणजे स्वतः यावरून. बालमनोविकारतज्ज्ञ लिओ कॅनरने १९४३ मध्ये अकरा मुलांचं वर्णन करताना तो उचलला, आणि मुलांना नाव चिकटलं ते दुसऱ्याच आजाराचं उष्टं. आपण त्याचं इमानदारीत 'स्वमग्न' केलं. मग्न म्हणजे बुडालेला. हे मूल स्वतःत बुडालेलंच असतं असं नाही, बऱ्याचदा समोरचा काय म्हणतोय ते पकडायला जिवाचा आटापिटा करत असतं. पण हा शब्द आता सरकारी कागदांत, शाळांत, पालकांच्या तोंडी रुळलाय, त्यामुळे त्याच्याशी भांडत बसण्यात हशील नाही. फक्त पुढाऱ्यांसाठी 'आत्मकेंद्री' आहे, 'आढ्यताखोर' आहे, ते वापरा की!

आता नारळ.

कोणालाही विचारा, 'नारळ वाढवणं' म्हणजे फोडणं कसं? उत्तर ठरलेलं: "शुभकार्यात फोडणं म्हणू नये, म्हणून उलटा शब्द." मग यादी सुरू होते. निघताना 'जातो' नाही, 'येतो'. दुकान बंद केलं नाही, 'वाढवलं'. बांगडी फुटली नाही, 'वाढली'. काव्यशास्त्रवाले लगेच सांगतील की अश्लील दोषाचे तीन प्रकार, लाजेचा, किळसेचा आणि अमंगलाचा, आणि हा तिसरा टाळण्याचा प्रकार. हे उत्तर इतकं गुळगुळीत झालंय की पुढे कोणी खणतच नाही. कोशकार एकमेकांची री ओढतात आणि शिक्षक कोशकारांची.

पाणिनीचा धातुपाठ, म्हणजे क्रियापदांच्या मुळांची गटागटाने लावलेली यादी, उघडा. दहावा गण, चुरादि. तिथे एक धातू बसलाय: 'वर्ध छेदनपूरणयोः'. वर्ध, अर्थ दोन: कापणं आणि भरणं! आपला नेहमीचा वाढ-वृद्धीवाला 'वृध्' वेगळा, तो भ्वादिगणातला. हा 'वर्ध' स्वतंत्र, आणि त्याचा पहिलाच अर्थ छेदन. कोणी म्हणेल, धातुपाठात काय, वाट्टेल ते धातू आहेत, वापरले कोणी? तर मनुस्मृतीचा दुसरा अध्याय, एकोणतिसावा श्लोक: 'प्राङ् नाभिवर्धनात् पुंसो जातकर्म विधीयते'. नाभिवर्धनाच्या आधी जातकर्म, म्हणजे जन्मानंतरचा संस्कार, करावा. नाभी काय वाढवत नेणार? नाळ कापण्याच्या आधी, एवढाच अर्थ. आणि अमरकोश हा संस्कृतचा जुना शब्दकोश तर आडपडदा न ठेवता सांगतो: 'वर्धनं छेदने'. संस्कृतात सुताराला 'वर्धकि' म्हणतात, म्हणजे लाकूड कापणारा. हिंदीतला 'बढई' त्याचाच नातू. बढई काही लाकूड वाढवत नाही.

तेव्हा माझं म्हणणं असं की 'नारळ वाढवणं' हा उलटा, लाजरा, शुभाशुभाला घाबरलेला शब्द नाहीच. तो सरळ शब्द आहे. वर्धन म्हणजे छेदन, नारळ वाढवणं म्हणजे नारळाचे दोन तुकडे करणं. पुढे 'वर्ध' विसरला गेला, 'वाढ'शी उच्चार जुळला, आणि लोकांनी मागाहून 'शुभ बोलावं' ही कथा रचली. बांगडीही तशीच: तुकडे झाले, वाढली. आणि त्या धातूचा दुसरा अर्थ? पूरण, भरणं. ताट वाढणं! पंगतीत 'वाढप' करणारा काही ताटाची लांबीरुंदी वाढवत नाही, ते भरतो. एकाच धातूने नारळही फोडला आणि पानही भरलं.

एका निवृत्त संस्कृत शिक्षकांनी यावर मला ऐकवलं की मग दुकान आणि दिवा कुठे कापले जातात? हिंदीतही 'दुकान बढ़ाना', 'दिया बढ़ाना' आहेच, ते तर उघड शुभभाषण. आहे ना, कोण नाही म्हणतंय? नारळ आणि बांगडी ही जुनी, खरी छेदनाची उदाहरणं. 'वाढणं म्हणजे मोडणं' असं कानाला पटल्यावर दुकान आणि दिवा मागून रांगेत उभे राहिले. त्यांचं दुसरं म्हणणं, ताट वाढण्यातली वाढ साध्या 'वर्धापन'शी जोडता येते. येते. पण ज्याच्या कपाटात धातुपाठ आहे आणि तरी जो 'छेदनपूरणयोः' हे जोडपं पाहून हरखत नाही, त्याच्याशी मी काय बोलू?

तर तुमच्या मुलाकडे. त्याने 'वाढव'चा आज जिवंत असलेला अर्थ घेतला आणि नियमाने लावला. चुकलं ते ऐकणाऱ्यांचं हसणं. कॅनरनेही त्याच्या अकरा मुलांत हे नोंदवलंय, शब्द पहिल्यांदा ज्या अर्थाने शिकला त्याच अर्थाला धरून राहणं. सर्वनामं ऐकली तशीच परत म्हणणं हेही त्याच लेखात आहे. आपल्याकडे मूल "तुला पाणी पाहिजे?" म्हणतं आणि त्याचा अर्थ असतो मला पाणी पाहिजे, कारण पाणी मिळण्याआधी त्याने दरवेळी तेच वाक्य ऐकलेलं असतं.

पण एक गोष्ट नीट वेगळी काढायला हवी, आणि रिपोर्टचं मराठी करणाऱ्यांनाही ती वेगळी करता आलेली नाही. नारळाची अडचण ही कोशाची अडचण आहे. 'वाढवणं म्हणजे इथे फोडणं' असं एकदा सांगितलं की संपलं, पुढच्या पूजेला तुमचा मुलगाच इतरांना सांगेल. 'येतो'चंही तेच. म्हणी, वाक्प्रचार, नाक मुरडणं, हात वर करणं, हे सगळं शिकवता येतं, यादी करून भिंतीवर लावता येतं.

यादीत न मावणारं असतं ते वेगळं. संध्याकाळची सीएसएमटीहून सुटलेली लोकल घ्या. मुलगा बसलाय, समोर एक काकू उभ्या आहेत. त्या विचारतात, "कुठे उतरणार?" या दोन शब्दांत एकही अवघड शब्द नाही, अलंकार नाही, कोशात बघायला काही नाही. मुलगा खरं उत्तर देतो, "मुलुंडला." हवं तर वर सांगेल की मग रिक्षाने अमुक ठिकाणी जाणार. आणि मुलुंड आलं की उठून दाराकडे निघतो, जागा भलतीच कोणी घेते, आणि काकू कडाडतात, "अरे, तुला विचारून ठेवलं होतं ना!" मुंबईत 'कुठे उतरणार' हा प्रश्नच नव्हे, ते जागेचं बुकिंग आहे. दारात मागून आलेलं "उतरायचंय का?" हेही तसंच. "नाही" म्हणून जागचं न हलणारा माणूस व्याकरणाने बरोबर आणि डब्याच्या लेखी गुन्हेगार. आणि हेच "कुठे उतरणार?" गावाहून आलेल्या मावशीने विचारलं तर ती खरोखरच माहिती विचारत असते! शब्द तेच, सूरही जवळपास तोच. फरक ओळखायचा तो कोण उभं आहे, कोण बसलंय, गर्दी किती, यावरून, आणि तोही गाडीच्या खडखडाटात, अर्ध्या सेकंदात. ज्या मुलाला आधीच आवाजाने आणि धक्क्यांनी नकोसं झालंय, त्याच्यावर हे ओझं वेगळं.

आपल्या जुन्या शास्त्रात हे दोन्ही प्रकार नीट मांडलेले आहेत. 'सैन्धवमानय' हे वाक्य पाठशाळेतल्या पोरालाही ठाऊक असायचं: सैंधव म्हणजे मीठही आणि सिंधचा घोडाही. जेवायला बसलेल्याने म्हटलं तर मीठ आणायचं, बाहेर निघालेल्याने म्हटलं तर घोडा. काव्यशास्त्रकार मम्मट पुढे जातो: 'गतोऽस्तमर्कः', सूर्य मावळला. यात दुअर्थी शब्द एकही नाही, तरी बोलणारा-ऐकणारा बदलला की कोणाला ते 'गुरं आत घ्या' होतं, कोणाला 'कामं थांबवा', कोणाला 'प्रियकर यायची वेळ झाली'. आपला नारळ सैंधवाच्या जातीचा. लोकलमधल्या काकू मम्मटाच्या.

आणि बोलणाऱ्याच्या मनात काय आहे, याला न्यायशास्त्राने नावही दिलंय. नैयायिक विश्वनाथाची कारिका, म्हणजे सिद्धांत सांगणारा श्लोक: 'वक्तुरिच्छा तु तात्पर्यं परिकीर्तितम्'. बोलणाऱ्याची इच्छा म्हणजे तात्पर्य. तत्पर, म्हणजे जे बोलणं ज्याकडे रोखलेलं आहे ते. इतका नेमका शब्द, आणि आपण त्याची काय दशा केली? ससा-कासवाच्या गोष्टीखाली छापलेली ओळ! 'तात्पर्य: गर्व करू नये.' चौथीच्या पुस्तकापासून तो शब्द उपदेशाला जुंपलाय.

माझं सांगणं तुमच्या मूळ प्रश्नावर असं: ऐकून समजण्याच्या अडचणीला 'तात्पर्यबोधातली अडचण' म्हणा. स्वतः बोलताना पाळी घेणं, विषय सांभाळणं, किती सांगायचं हे ठरवणं, यासाठी 'संवादव्यवहार' चालेल. 'व्यावहारिक भाषा' नको, कारण ती वाचणारे तुमच्या घरातल्या ज्येष्ठांसारखेच असणार. काही जण तत्त्वज्ञानातल्या 'फलप्रामाण्यवादा'वरून (प्रॅग्मॅटिझमचं मराठी) 'फलप्रामाण्य भाषा' असं काहीतरी सुचवतात. त्यांनी ते आपल्या घरी वापरावं.

आणि 'कमतरता' तर नकोच. २०१३ च्या डीएसएम-५ मध्ये, म्हणजे मानसिक विकारांच्या निदानाच्या अमेरिकन पुस्तिकेत, सामाजिक संवादातली ही अडचण ऑटिझमच्या निकषांत आहेच, शिवाय ठरावीक आवडीनिवडी आणि पुन्हा पुन्हा त्याच हालचाली नसतील तर तिचं वेगळं निदानही आहे. तेव्हा थेरपिस्टला विचारून घ्या की रिपोर्टमध्ये नेमकं कोणतं लिहिलंय, शाळेच्या भाषांतरात ते पुसलं गेलंय. आणि २०१२ मध्ये डेमियन मिल्टन या स्वतः ऑटिस्टिक असलेल्या अभ्यासकाने मांडलं की गैरसमज दोन्ही बाजूंनी होतो: ऑटिस्टिक माणसाला इतरांचं कळत नाही तसं इतरांनाही त्याचं कळत नाही. मग कमतरता एकाच्याच खात्यावर का? आजोबांना तरी कुठे कळलं की नातवाने दुसरा नारळ का आणला?

शाळेकडून कागद बदलून घ्या. आजोबांना म्हणावं "नारळ फोड" म्हणा, गाडीला काही होत नाही. आणि 'वर्ध'बद्दल ज्यांना हरकत घ्यायची आहे त्यांनी धातुपाठातला चुरादिगण समोर ठेवून घ्यावी. 'आमच्याकडे असंच म्हणतात' हा पुरावा मी धरणार नाही.